सेटवरचा स्टॉपर

शूटिंगच्या युनिटात काम कमी आणि थांबणं जास्त. ढग आला, थांबा. जनरेटर रुसला, थांबा. हिरोची बट उडाली, थांबा! मग माणसं करणार काय? चहा पिणार आणि एकमेकांच्या गमती सांगणार. मी आमच्या मालिकेची कॉस्च्युमवाली, मूळची सांगलीची, त्यामुळे बोलायला कुणाच्या बापाला भीत नाही. आणि खरं सांगते, माझ्याकडचा गमतींचा निम्मा साठा एकट्या इम्रानचा आहे.

इम्रान तासगावकडचा. गोव्यात, कोलकात्यात पगारी फुटबॉल खेळलेला गडी. स्टॉपर, म्हणजे गोलच्या पुढ्यात भिंतीसारखा उभा राहणारा. पुढं गुडघ्यानं दगा दिला आणि खेळ सुटला. साताऱ्याजवळ आमची फुटबॉलवरची मालिका सुरू झाली, तेव्हा हिरोला बॉल मारायला शिकवायला म्हणून त्याला आणला होता. व्हिलन करणारा नट ऐन वेळी आलाच नाही. आमच्या डायरेक्टर सरांनी इम्रानला वरपासून खालपर्यंत न्याहाळलं आणि म्हणाले, "तूच उभा राहा!"

उभा राहिला खरा, पण माझ्याकडची एक पॅन्ट त्याच्या मांडीवर चढेल तर शपथ! शेवटी दोन उसवून एक शिवली.

*

पहिल्याच दिवशी पाठलागाचा सीन. हिरो सायकलवरून पळतोय, इम्रान मागं धावतोय. सर ओरडले, "कट!" हिरो थांबणारच होता, पण मागून धाडधाड पावलं वाजतच होती. घाबरून त्यानं आणखी जोरात पॅडल मारलं! बघता बघता दोघं उसाच्या फडाआड दिसेनासे झाले. प्रॉडक्शनवाल्यानं मोटारसायकल काढली आणि दोघांना पाटणच्या रस्त्यावरून परत आणलं.

"कट म्हटलेलं ऐकू आलं नाही का रे?"

"आलं की सर. पण शिट्टी कुठं वाजली?"

दुसऱ्या दिवसापासून सरांच्या गळ्यात शिट्टी!

*

त्याचं पडण्याचं तर काही विचारूच नका. हिरोनं धक्का द्यायचा आणि यानं कोसळायचं, एवढाच सीन. आमचा हिरो म्हणजे सॅलडवर जगणारं लेकरू. त्यानं जीव खाऊन धक्का दिला, इम्रान जागचा हलला नाही आणि हिरोच मागं जाऊन आपटला!

"इम्रान, पड की!"

"एवढ्या धक्क्यानं कोण पडतंय सर?"

"अरे, फुटबॉलवाले तर न लागता पडतात!"

"पडत्यात. पन त्यास्नी माझ्या टीममदी जागा न्हवती."

सर पाणी प्यायला निघून गेले.

*

हसू येतं, पण इथंच घोडं अडलं होतं. इम्रानला खोटं काही करताच येईना. राग नाही, रडू नाही, तोंडावर रेघ हलत नाही. मुंबईहून चॅनेलच्या मॅडम आल्या आणि स्पष्ट सांगून गेल्या, "स्पर्धेच्या शेवटच्या मॅचमध्ये व्हिलन पेनल्टी चुकवतो आणि मोडून पडतो. तो एपिसोड बघू. नाही जमलं तर पुढच्या भागांत दुसरा माणूस."

त्या संध्याकाळी मी त्याचा शर्ट टाचत होते. न राहवून विचारलं, "एवढं काय अवघड आहे रे?"

"ताई, इतकी वर्षं हेच शिकलो. लागलं तरी समोरच्याला कळू द्यायचं न्हाई."

"मग सोड ना. कोचिंग कर कुठं."

त्यानं दोऱ्याचं रीळ माझ्यापुढं सरकवलं. मग म्हणाला, "घरी बसलो की लोक इचारत्यात, आधी कुठं खेळायचास? हितं कुणीतरी इचारतंय, उद्या किती वाजता येनार? मला हितंच ऱ्हायचंय ताई."

माझी सुई बोटात गेली. लय वाईट वाटलं हो.

*

एवढा खऱ्याचा माणूस, पण एक लबाडी मात्र त्याला झकास जमायची. मालिकेत त्याच्या बापाचं काम करणारे नाना वयानं थकलेले, संवाद विसरायचे. नाना अडखळतायत असं दिसलं की इम्रान आपलंच वाक्य चुकवायचा! "सॉरी सर, माझी चूक." शिव्या याला आणि नानांना कागद बघायला वेळ.

मी एकदा पकडलाच त्याला. तर म्हणतो, "ताई, मागं आपुन हाय म्हटल्यावर पुढच्यानं बिनघोर खेळावं."

आता सांगा, असल्या माणसाला कुणी काढतं का!

*

पेनल्टीचा सीन ठेवला तो नेमका इम्रानच्या गावच्या हायस्कूलच्या मैदानावर. गर्दी म्हणून अख्खा गाव उभा, आणि पुढच्या खुर्चीवर त्याची अम्मी. या बाईनं पोराची एक मॅच बघितली नव्हती. टीव्हीवर लागली तरी आत जाऊन बसायची, पोराला लागलं-बिगलं तर काय, म्हणून. आज ती पहिल्यांदा त्याला खेळताना बघणार होती, आणि आज त्याला चुकवायचं होतं! क्लबात पेनल्टी मारायचा मान ज्याचा, त्यानं, आईसमोर!

तालमीत प्रत्येक बॉल गोलातच जात होता. चॅनेलच्या मॅडम मॉनिटरपुढं हाताची घडी घालून बसलेल्या. इम्राननं एकदा अम्मीकडं बघितलं आणि धावला.

बॉल दांडीला लागून बाहेर.

इम्रान गुडघ्यावर बसला. तोंड झाकलं नाही, काही नाही. नुसता गोलकडं बघत राहिला, आणि त्याचा चेहरा पार उतरला. गर्दीनं हिरोसाठी टाळ्या वाजवायच्या ठरल्या होत्या. एक टाळी वाजली नाही! सर हळूच "ओके" म्हणाले. मॅडमनी डोळे पुसले आणि म्हणाल्या, "हा राहणार. लिहून घ्या."

तेवढ्यात अम्मी पदर खोचून तरातरा मैदानात. थेट सरांपुढं!

"आवं सायेब, एकदा चुकलं म्हणून काय झालं? माझ्या पोराला आनी एक चान्स द्या!"

"अहो आई, त्याला तर चुकवायलाच..."

मागून इम्राननं 'सांगू नका' म्हणून मान हलवली. सरांनी स्वतः बॉल उचलला आणि जागेवर ठेवला. कॅमेरा बंद, लाईट उतरवायला घेतलेले. गोलकीपर पुन्हा हात पसरून उभा राहिला.

इम्राननं मारला. जाळी मागच्या मागं फुगली आणि गाव नुसता उसळला!

अम्मीनं सरांकडं वळून सांगितलं, "बगितलंसा? मगाशी पोरगं घाबरलं हुतं."

सरांनी इम्रानकडं बघितलं, आम्ही सगळ्यांनी बघितलं.

"व्हय अम्मी," इम्रान म्हणाला, "मगाशी लय घाबरलो हुतो."