विणकराच्या घराची घंटा

अन्याय झाला तो आमच्या खालच्या मजल्यावरच्या जर्मन आजींवर. कधी? गेल्या वर्षी, गणपती विसर्जनानंतरच्या पहिल्या शुक्रवारी सकाळी. कुठे? दुबई मरीनातल्या आमच्याच इमारतीत. कुणी केला? माझ्या वडिलांनी. घरचा माणूस म्हणून आरोपीला झाकायची मला सवय नाही.

शुक्रवारी इथे अर्धा दिवस, म्हणून बाबा घरूनच काम करत होते. महत्त्वाच्या क्लायंटशी कॉल रंगात आला होता आणि खालून घंटा वाजायला लागली. देवळातली किणकिण नव्हे. जड, घोगरी, डोलत डोलत येणारी. बाबांना वाटलं, मरीनातल्या कुठल्यातरी पार्टीच्या बोटीवरचा धिंगाणा. त्यांनी कॉल म्यूट केला आणि बिल्डिंग मॅनेजरला मेसेज टाकला, आवाज असह्य आहे, ताबडतोब बंद करा. गार्ड खाली जाऊन आला. घंटा थांबली. बाबा अनम्यूट झाले.

याच बाबांनी आदल्या आठवड्यात पाच दिवस, दोन वेळा, हॉलमध्ये झांजा बडवल्या होत्या. ज्यांच्या डोक्यावर बडवल्या त्या आजींनी चकार शब्द काढला नव्हता. उलट मोदक खायला वर आल्या होत्या, आणि कळी कशी पाडतात ते आईकडून शिकून गेल्या होत्या.

खरा प्रकार कळला तो लिफ्टमध्ये. आईने सहज विचारलं, "कशा आहात?" तर त्या हसून म्हणाल्या, "तुमच्या घंटा संपल्या, आणि माझीही. कुणालातरी त्रास झाला म्हणे."

आई घरी आली ती थेट बाबांसमोर. "अहो, ती बोट नव्हती. त्या ओमा होत्या!"

ओमा म्हणजे जर्मनमध्ये आजी. इमारतीतली सगळी पोरं त्यांना तशीच हाक मारतात. नवरा गेल्यावर त्या मुलाकडे दुबईला आल्या, सोबत दोन बॅगा आणि एक गाईची घंटा घेऊन. घंटा कलिंगडाएवढी, रुंद चामडी पट्ट्याची. त्या रविवारी मी खाली गेले, आलुबुखाऱ्याचा केक खाल्ला आणि विचारलं, "ही का वाजवता?" मग जे ऐकलं त्याने माझं डोकं फिरलं.

ओमांचं गाव दक्षिण जर्मनीत, आल्प्सच्या उतारावर आहे. एक चर्च, एक खानावळ, चढावर पसरलेली थोडी घरं. उन्हाळ्यात सगळ्या गावाच्या गाई वर डोंगरातल्या कुरणांवर जातात आणि सप्टेंबरात एका ठरल्या सकाळी खाली उतरतात. सगळ्या धडधाकट परत आल्या तर पुढच्या गाईच्या डोक्यावर फुलांचा मुकुट. वर एखादी जरी दगावली तरी मुकुट नाही, फुलं नाहीत, सगळा कळप साधाच उतरतो. लांबून डोकं दिसलं की गावाला कळतं, हसायचं की गप्प राहायचं.

आणि ओमांच्या गावाची आणखी एक रीत. कळप दारावरून जाताना प्रत्येक घराने आपली घंटा वाजवून उत्तर द्यायचं. ज्या घरातून उत्तर आलं नाही, ते घर बंद झालं असं गाव धरतं. ओमांचा गोठा आता रिकामा आहे, घराला कुलूप आहे. म्हणून त्या दिवशी गावात राहणारा त्यांचा भाऊ त्या घराची खिडकी उघडतो, फोन स्पीकरवर टाकून बाहेर धरतो, आणि ओमा दुबईच्या बाल्कनीतून उत्तर देतात. बाबांच्या मेसेजच्या दिवशी त्या घराने अर्धवट उत्तर दिलं आणि ते गप्प झालं. गावाला वाटलं, ओमा गेल्या. संध्याकाळपर्यंत चौकशीचे फोन येत होते. हे सांगताना त्या पोट धरून हसत होत्या. मग हसू आवरून म्हणाल्या, "पण पुढच्या वर्षीही घर गप्प राहिलं, तर मी जिवंत असून काय उपयोग?"

पुण्यात कॉलेजला असताना मी पत्रकं लिहायचे. पाणी, वसतिगृह, फी, काहीही. वर आले आणि एका दमात पत्रक लिहिलं. मथळा: झांजवाल्यांचा निषेध असो! मागण्या: तक्रार बिनशर्त मागे घ्या. स्वतः खाली जाऊन माफी मागा. पुढच्या वर्षी घंटा वाजलीच पाहिजे.

"हे पुणे नाही," बाबा म्हणाले. "लिफ्टमध्ये चिकटवलंस तर दंड मला होईल."

मी ते फ्रिजवर चिकटवलं. दूध घ्यायचं तर वाचावंच लागायचं.

"मी आवाजाविरुद्ध तक्रार केली, बाईंविरुद्ध नाही," बाबांचा बचाव.

धाकटी बहीण मोबाइलमधून मान वर न काढता म्हणाली, "बाबा, यू आर द नॉइज."

पण बाबा वऱ्हाडातले. निषेधाने हलले नाहीत. हलले ते एका शब्दाने. जेवताना मी गावाचा इतिहास सांगत होते. तिथे गाई फार नंतर आल्या. पूर्वी तो डोंगर उन्हाळ्यात निळा दिसायचा, कारण सगळे फ्लॅक्स पेरायचे. त्याच्या धाग्याचं कापड घरोघरी विणायचे. ओमांच्या घराला गाव अजून विणकराचं घर म्हणतं, पिढ्यान्‌पिढ्या कुणी माग चालवला नाही तरी.

"निळा?" बाबांचा घास हातातच राहिला. "फ्लॅक्स म्हणजे... अगं, जवस! आमच्या शेतात जवस फुलला की आभाळ खाली उतरल्यासारखं दिसायचं."

"मग स्वस्त कापूस आला आणि जवस बुडाला," मी म्हटलं.

"कापूस कुठला?"

"तुमच्याकडूनही जायचाच की युरोपात. म्हणजे त्या घराचे गुन्हेगार दोनदा तुम्हीच!"

दुसऱ्या दिवशी बाबा जवसाच्या चटणीची बरणी घेऊन एकटे खाली गेले. बराच वेळ आले नाहीत म्हणून आम्ही पाहायला गेलो, तर दोघं टेबलावर. ओमा भाकरीऐवजी ब्रेडवर चटणी थापत होत्या, तिखटाने डोळ्यांतून पाणी, पण थांबायचं नाव नाही. बाबा चीज घातलेल्या शेवया खात ऐकत होते. जवस गेल्यावर गावाने चीज करायला सुरुवात केली, सगळ्यांचं दूध एकाच डेअरीत, नफा वाटून.

"म्हणजे सहकारी दूध संघ!" बाबा उसळले. "मग संचालकांची भांडणं?"

"माझे वडील आणि शेजारी अकरा वर्षं बोलत नव्हते," ओमा अभिमानाने म्हणाल्या.

बाबांना माहेर सापडल्यासारखं झालं. तिथूनच त्यांनी मॅनेजरला फोन करून तक्रार मागे घेतली आणि पुढच्या वर्षीची परवानगीही मागितली. स्पीकरवर मॅनेजर वैतागला, "हबीबी, आधी बंद करा म्हणता, आता चालू करा म्हणता!" मग हसला. "पाच मिनिटं. खलास."

यंदा अधिक महिन्यामुळे गणपती उशिरा आले आणि गाई उतरायचा दिवस नेमका गणपतीत पडला. बाबांनी रजा टाकली. ओमांच्या बाल्कनीत आम्ही सगळे दाटीवाटीने उभे, समोर फोन, फोनमध्ये ओली हिरवी वाट. वळणावर पहिलं डोकं दिसलं. ओमांनी माझं मनगट आवळलं.

मुकुट होता! लाल, पांढरा, आणि मधोमध निळा.

ओमांनी घंटा उचलली, पण वर्षभरात हातातली ताकद गेली होती. घंटा नुसती लटकली, वाजेना. कळप खिडकीपाशी येत होता. बाबांनी पट्ट्याचं दुसरं टोक धरलं आणि दोघांनी मिळून ती झोकात हलवली. घर बोललं! आईने आरतीची घंटा वाजवली, मी झांजा, बहिणीने टाळ्या. जोशात बाबा ओरडले, "मोरया!" आणि पलीकडे, आल्प्समध्ये, पुढची गाय चक्क थांबून खिडकीकडे बघायला लागली.

तिकडच्या रस्त्यावरून कुणीतरी मोठ्याने काहीतरी विचारलं. ओमा हसत हसत एकच शब्द ओरडल्या. मी विचारलं, काय चाललंय?

"विचारतायत, विणकराच्या घरात कोण आलंय? मी सांगितलं, शेजारी."

आता तुम्ही. होय, तुम्हीच. वरच्या, खालच्या, भिंतीपलीकडच्या आवाजाबद्दल मॅनेजरला किंवा सोसायटीच्या ग्रुपवर जो मेसेज तुम्ही टाकलाय, तो आज मागे घ्या. मग त्या दारावर जा, बेल दाबा आणि तोंडाने विचारा, हे काय वाजवता? रिकाम्या हाताने जाऊ नका.