चिखल्याच्या घराचा ताबा

कुसुमताई गेल्याचं मला डहाणूच्या बाजारात कळलं. वापीहून त्यांच्या भाच्याचा, राजेशचा फोन आला. “मावशी गेली. सकाळी, झोपेतच.” हातातली मेथीची जुडी मी परत टोपलीत ठेवली आणि तशीच घरी आले. त्याला आता दीड महिना होईल. माणसं विचारतात, तुमच्या कोण? काय सांगायचं... कोर्टाच्या कागदावर त्या वादी होत्या आणि मी प्रतिवादी.

डहाणूजवळच्या चिखले गावातलं घर आणि मागची चिकूची वाडी त्यांच्या वडिलांनी माझ्या सासऱ्यांकडे ताबे गहाण ठेवली होती. म्हणजे गहाण सुटेपर्यंत राहणार आम्ही, चिकूही आमचेच. मी लग्न होऊन त्याच घरात आले. सासरे गेल्यावर ताई गहाण सोडवायला आल्या, तेव्हा माझे दीर म्हणाले, “कसलं गहाण? विकत घेतलंय आम्ही.” मग दावा लागला. तो चालू असतानाच माझे यजमान गेले आणि वारस म्हणून माझं नाव लागलं.

पहिल्या तारखेला कोर्टात कुठे उभं राहायचं हेही मला कळेना. बाकावरच्या एका बाईंनी सरकून जागा दिली. “बस. आपलं नाव दुपारनंतर पुकारतील.” त्याच कुसुमताई. तोवर मी त्यांना पाहिलं नव्हतं. तलासरीकडच्या आश्रमशाळेत शिकवायच्या, तारखेला रजा टाकून यायच्या. डब्यात नाचणीची भाकरी असायची, त्यातली अर्धी माझी ठरून गेली. वकिलांनी बजावलं होतं, समोरच्या पार्टीशी बोलायचं नाही. आम्ही दाव्याबद्दल बोलत नव्हतोच. त्या वर्गातल्या पोरींचं वारलीतलं बोलणं मला ऐकवायच्या. स्वयंपाकघर आता कसं लावलंय, विचारायच्या, आणि मी कुठला डबा कुठे ते सांगायचे. यजमान गेल्यावर मी पहिल्यांदा हसले ती त्या बाकावर.

मग माझी साक्ष आली. त्यांच्या वकिलांनी विचारलं, “हे घर विकत घेतलं, असं सासऱ्यांनी तुम्हाला कधी सांगितलं होतं?” दीर समोरच बसले होते. हो म्हटलं असतं तर माझं छप्पर टिकलं असतं... मी म्हटलं, “नाही. मामंजी गहाणच म्हणायचे. सोडवायला आले तर भांडू नका, असंही म्हणायचे.” त्यानंतर दीर माझ्याशी बोलले नाहीत.

निकाल ताईंच्या बाजूने लागला. दिरांनी ताबा सोडला नाही, म्हणून कोर्टाचे बेलिफ आले. पंचनामा झाला, माझं सामान टेम्पोत चढलं. ताई फाटकाबाहेर उभ्या होत्या. मी म्हटलं, “आत या ना ताई, तुमचंच घर आहे.” “आज नको,” त्या म्हणाल्या. “तुझ्या डोळ्यांदेखत नको.” ज्या घरात जन्मल्या, तिथे परत जायला त्यांनी इतकी वर्षं घालवली होती, आणि त्या उन्हात थांबल्या होत्या.

मी डहाणूत भाड्याची खोली घेतली. ताई बाजारात भेटायच्या, चिकू हातात द्यायच्या. दर वेळी म्हणायच्या, “ये गं एकदा घरी.” मी “येते” म्हणायचे आणि जायचे नाही. साक्ष दिल्याचा पस्तावा नव्हता. पण ज्या दारातून सामान निघालं, त्या दारात पाहुणी म्हणून पाय टाकायचा... नाही जमलं. सहा वर्षं नाही जमलं.

दिवसकार्याला मात्र गेले. राजेश म्हणाला, “काकू, जरा चहा टाकता?” मी स्वयंपाकघरात शिरले. वरच्या फळीवर चहाचा डबा डावीकडे, साखर त्याच्या मागे, पोह्यांची बरणी खालच्या खणात. गाळणं खिडकीच्या खिळ्याला. तो खिळा मीच ठोकला होता. माझे डबे मी नेले होते. हे डबे त्यांचे होते, पण जागा सगळ्या माझ्या.

“मावशीला त्रास व्हायचा,” राजेश मागून म्हणाला. “तिचा हात वरच्या फळीपर्यंत पोचायचा नाही. मी खाली लावून देतो म्हटलं, तर ओरडली. म्हणाली, राहू दे, सुनंदा आली की तिला सापडायला पाहिजे.”

मी हात वर केला. डबा लगेच सापडला.