मुंगसाचं मोठं होणं

लहानपणी अब्बांची पहिली पाळी सुटली की आम्ही दोघं दौंडच्या घरात एक कार्टून बघायचो. लाल मफलरवाला मुंगूस आणि त्याची मैत्रीण खारूताई. शेवटी दोघं कशात तरी धपकन पडायचे आणि अब्बा माझ्यापेक्षा जोरात हसायचे. ते कुरकुंभला एका केमिकल कंपनीत ऑपरेटर होते. मी चौथीत असताना तिथं वायुगळती झाली, त्यांच्या पाळीतला त्यांचा जिवलग मित्र गेला, आणि अब्बांनी टीव्हीसमोर बसणंच सोडलं. त्या दिवसाबद्दल घरात कुणी बोलायचं नाही.

आता मी शिरूरला एका फ्लेक्सच्या दुकानात डिझाइन करते. गेल्या वर्षी मी तेच कार्टून माझ्या पद्धतीनं काढायला घेतलं. मुंगूस आणि खारूताई मोठे झालेत, कारखान्यात लागलेत. एक दिवस सायरन वाजतो. मुंगूस पळतो. खारूताई दुसऱ्यांना काढायला आत जाते, ती परत येत नाही. एकेक पान फोनवर स्टेटसला टाकत गेले. चुलतभावानं लिहिलं, "पोरांच्या कार्टूनची पार वाट लावलीस." ते मनाला लागलं नाही. धास्ती अब्बांची होती. अम्मी फोनवर म्हणाली, "त्यांच्या नजरेला पडू देऊ नको, बाई."

पण चुलतभावानंच त्यांना दाखवलं. रविवारी मी दौंडला गेले तर अब्बा चष्मा लावून फोन घेऊन बसलेले.

"ह्यो मुंगूस म्हंजी मी का?"

मी मान डोलावली.

"पळाला असं दाखवलंयस."

"अब्बा, चुकलं माझं. काढून टाकते."

"कशाला? पळालोच हुतो. सायरन झाला की पळायचं, तसंच शिकवत्यात. पर मी गेटापासनं त्याला हाक मारली हुती. तीनदा. ती न्हाई ह्यात."

अम्मी दारात उभी होती. तिलाही हे ठाऊक नव्हतं. त्या दुपारी अब्बा सगळं बोलले.

मी पळण्याचं पान त्या तीन हाका घालून नव्यानं काढलं, सगळी चित्रकथा दुकानात छापून घेतली. पुढच्या रविवारी अब्बांनी मोटरसायकल काढली. मित्राचं घर मांडवगण फराट्याला, नदीपलीकडं, जवळच. दशक्रियेनंतर अब्बा तिथं गेलेच नव्हते.

काकू अंगणात कांदा निवडत होत्या. "भाऊजी? या," एवढंच म्हणाल्या. मळक्या हातानं नको म्हणून हात पदराला पुसून त्यांनी पानं घेतली. खारूताई कोण, हे त्यांना सांगावं लागलं नाही. हाकेच्या पानावर त्या थांबल्या.

"तुम्ही बोलवलं हुतं त्यांना?"

"व्हय वहिनी. तीनदा."

"मला इतकी वर्सं वाटायचं, कुणाचं ध्यानच गेलं न्हाई त्यांच्याकडं." मग डोळे पुसून म्हणाल्या, "आन् खारूताई का केली? चांगला धिप्पाड गडी हुता."

अब्बा हसले. आधी नुसते खांदे हलले, मग मोठ्यानं. काकूही हसायला लागल्या. माझ्या छातीवरचं ओझं तिथंच उतरलं.

परतताना अब्बा गाडी चालवत मित्राच्या गमती सांगत होते. वाऱ्यानं मला निम्म्या ऐकूच आल्या नाहीत. मी मागं बसून नुसती हं हं म्हणत राहिले.