उलटेकाकांचा सरळ साचा

उलटेकाकांनी आयुष्यात सरळ असं फारसं काही लिहिलं नाही. त्यात त्यांचा दोष नव्हता. धंदाच तसा होता. प्लास्टिकच्या डब्यावर जी अक्षरं उठून दिसतात, ती आधी पोलादी साच्यात कोरावी लागतात. आणि कोरताना उलटी कोरावी लागतात, आरशात दिसतात तशी. साच्यात उलटं, म्हणजे डब्यावर सुलट. मिसरूड फुटल्यापासून काका हेच करत होते. हाताला इतकी सवय झाली की एकदा घराच्या दारावर खडूने ‘शेजारी चौकशी करा’ असं लिहून ते बाहेर गेले. पाहुणे बराच वेळ दारात उभे राहून ते वाचत होते. त्या दिवसापासून त्यांचं खरं नाव मागे पडलं.

ऱ्हस्व-दीर्घाचा त्यांना कधीच पत्ता लागला नाही. वेलांटी कोणत्या बाजूला, एवढंच त्यांना माहीत. आणि तेही जगाच्या विरुद्ध बाजूला.

त्यांच्या वस्तादांनी त्यांना एकच नियम शिकवला होता. कोरायचं, वाचायचं नाही. अक्षर म्हणजे नुसता आकार. अर्थ कळला की हात घसरतो. काकांनी हा नियम काटेकोर पाळला. त्यांनी तेलाच्या झाकणांवर ‘शुद्ध’ कोरलं, खेळण्यांवर ‘अतूट’ कोरलं. काय कोरलं हे त्यांना कधी कळलं नाही, त्यामुळे झोपही शांत लागे.

सुरुवात बादलीपासून झाली. काकांच्या पहिल्या साच्यातली बादली अजून काकूंच्या मोरीत आहे. कारखान्याच्या दृष्टीने ती बादली म्हणजे मोठीच नामुष्की. काकूंनी त्यानंतर दुसरी विकतच घेतली नाही. मालकांना हे जिव्हारी लागलं. वस्तू मोडली नाही तर गिऱ्हाईक परत येणार कसं, असा प्रश्न त्यांना पडला, आणि त्यांनी तो फार कष्टाने सोडवला. बादल्या पातळ झाल्या. मग मोरीतले मग पातळ झाले. मग डबे आले, मग डब्यांची नुसती झाकणं, आणि शेवटी एकदा वापरून फेकायचा चमचा.

त्या चमच्याचा साचा घासून आरशासारखा करायला काकांना महिना लागला. चमचा वापरायला माणसाला पाच मिनिटं लागतात. मग तो काही शतकं कुठेतरी पडून राहतो म्हणतात. खात्री करायला अजून कुणी तितकं थांबलेलं नाही.

कारखान्याला लागणारा प्लास्टिकचा दाणा गोण्यांतून समुद्रापलीकडून यायचा. तो खनिज तेलापासून बनतो. तेल स्वस्त झालं की दाणा स्वस्त होतो, आणि दाणा स्वस्त झाला की मालक खूश होतात. पण मग जुनं प्लास्टिक गोळा करा, धुवा, वितळवा, एवढा खटाटोप करून बनवलेला दाणा नव्यापेक्षा महाग पडतो. मग भंगारवाला चमच्यांकडे ढुंकूनही बघत नाही. चमचे नाल्यात जातात. नाला तुंबतो, पाणी दुकानांत शिरतं, आणि साफसफाईचा खर्च नगरपालिका घरपट्टीत घालते. प्लास्टिकसारखं स्वस्त काही नाही, असं मालक नेहमी म्हणत. ते खरंच होतं. उरलेली किंमत दुसरं कुणीतरी भरत होतं.

पुढे नाल्यांच्या तोंडाशी जाळ्या लावायचं ठरलं. त्या जाळ्या मालकांनीच पुरवल्या. प्लास्टिकच्या.

त्यामुळे शहर प्लास्टिकमुक्त करायची मोहीम निघाली, तेव्हा नगरपालिकेच्या साहेबांना आधी मालकच आठवले यात नवल नाही. प्रत्येक नागरिकाच्या छातीवर एक बिल्ला लावायचा होता. त्यावर लिहायचं होतं, ‘मी प्लास्टिक वापरत नाही.’ पत्र्याचा बिल्ला महाग पडत होता. पुठ्ठ्याचा भिजला असता, कापडाचा मळला असता. बैठकीत सगळ्या बाजूंनी विचार झाला आणि बिल्ला प्लास्टिकचा करायचं एकमताने ठरलं. रंग हिरवा. बैठकीत कुणीही हसलं नाही.

त्याच सुमारास मालकांचा पुतण्या शिकून परत आला होता. त्याच्या हातात एका मशीनचं माहितीपत्रक होतं. ते मशीन संगणकावर चालायचं, साचा आपोआप कोरायचं, आणि एक बटण दाबलं की अक्षरं आपोआप उलटी करायचं. पुतण्याने ते बटण काकांना चित्रात दाखवलं. बोटाच्या पेराएवढं होतं. काका त्याच्याकडे बघत राहिले. माणसाला आपलं अख्खं आयुष्य इतक्या लहान आकारात सहसा बघायला मिळत नाही.

मालकांचं मन दोन्हीकडे होतं. मशीन महाग होतं, काका स्वस्त होते. त्यांनी काकांना बोलावून स्पष्टच सांगितलं, “हा बिल्ल्याचा साचा वेळेत आणि बिनचूक झाला, की मशीनचा विषय बंद. तुमचं बाक तुमचं. नाही झाला, तर मग मला पुतण्याला नाही म्हणता येणार नाही.”

हे कामाचं बाक खिडकीजवळ होतं. त्यावर काकांच्या कोपरांचे दोन खळगे पडले होते. ते गेलं तर घरी बसावं लागलं असतं, आणि घरी काकू होत्या. काकूंचा स्वभाव वाईट नव्हता. पण शहरात जे जे तुंबत होतं, त्याला त्या काकांना जबाबदार धरत. मोरी तुंबली की काठीने काहीतरी उकरून काढत आणि म्हणत, “अहो, बघा कोण आलंय. तुमचंच झाकण.” दिवसभर हे ऐकण्यापेक्षा काकांना कारखान्याचा खडखडाट बरा वाटे.

त्यांनी पोलादाचा ठोकळा शिकंज्यात घट्ट आवळला, डोळ्याला भिंग लावलं आणि कामाला बसले. ‘मी’ छान उतरला. उलटा. मग कोरणी थांबली. पुढे काय आहे बघायला म्हणून त्यांनी नमुन्याच्या कागदावर नजर टाकली, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्यांच्या हातून वाचलं गेलं.

मी प्लास्टिक वापरत नाही.

काकांनी पुन्हा वाचलं. भिंगाची कड प्लास्टिकची होती. कोरणीची मूठ प्लास्टिकची होती. पायातल्या चपला, खिशातलं पेन, तोंडातले समोरचे तीन दात. त्यांनी एकेक गोष्ट मनात तपासून पाहिली आणि त्यांना हसू आलं. ते एकटेच खदखदून हसले. मग ठोकळा शिकंज्यातून काढला, ‘मी’ घासून टाकला, कारण हसताना कड जरा दुखावली होती, आणि नव्याने सुरुवात केली.

एवढं नाजूक काम त्यांच्या हातून पूर्वी कधी झालं नव्हतं. अक्षरं कशी मोत्यासारखी आली. एरवी काम झालं की काका साच्यासमोर छोटा आरसा धरत आणि आरशात अक्षरं सुलट दिसतात का बघत. या वेळी आरशाची गरजच पडली नाही. साच्यावर नुसती नजर टाकली तरी सगळं स्वच्छ वाचता येत होतं. डोळे सुधारले, असं त्यांना वाटलं.

साचा मशीनवर चढला आणि बिल्ले पडायला लागले. मालकांनी बिल्ला हातात घेऊन वाकवून पाहिला. मोडला नाही म्हणून त्यांचा चेहरा जरा उतरला. पुतण्याने वजन केलं, कडा तपासल्या, टाचणी बसते का पाहिलं. हिरव्यावर हिरवी, बारीक अक्षरं. वाचून कुणीच पाहिली नाहीत. बिल्ला वाचण्यासाठी असतो, असं कारखान्यात कुणाला वाटण्याचं कारण नव्हतं. प्रत्येक बिल्ला एका लहान प्लास्टिकच्या पिशवीत गेला, पिशव्या मोठ्या पिशवीत गेल्या, आणि मोठ्या पिशव्या टेम्पोत. वेळेच्या आधी. मालक काकांच्या पाठीवर थाप मारून म्हणाले की मशीनचं पत्रक मी रद्दीत टाकतो.

समारंभाच्या सकाळी काकांनी धुतलेला शर्ट घातला, छातीवर बिल्ला लावला आणि केस विंचरायला आरशासमोर उभे राहिले. आरशात बिल्ल्यावरची अक्षरं लख्ख दिसली. मी प्लास्टिक वापरत नाही. काकांनी समाधानाने मान डोलावली. जन्मभराचा शिरस्ता होता. आरशात वाचता आलं, की काम चोख.

कंगवा अर्ध्या केसांत थांबला.

“काय झालं?” काकूंनी विचारलं.

“वाचता येतंय,” काका म्हणाले.

“मग चांगलंच की.”

“अगं, आरशात वाचता येतंय.”

काकू जवळ आल्या. त्यांनी आधी आरशात पाहिलं, मग काकांच्या छातीकडे. छातीवर जे होतं ते कुठल्याच भाषेतलं वाटत नव्हतं. काकूंनी बराच वेळ विचार केला. मग म्हणाल्या, “जन्मभर उलटं लिहिलंत आणि एकदाच सरळ लिहिलंत, तेही चुकून. कमाल आहे हो तुमची.”

काका धावत कारखान्यात गेले. माल आदल्या दिवशीच सभागृहात पोचला होता. मालकही तिथेच होते. काका सभागृहात गेले तर मालक पहिल्या रांगेत, नवा कोट घालून. काकांनी दुरून खाणाखुणा केल्या. मालकांना वाटलं, काका अभिनंदन करताहेत. त्यांनीही हात हलवला.

सभागृह भरलं होतं. दारात प्रत्येकाला बिल्ल्याची पिशवी मिळत होती. लोक बिल्ला काढून लावत आणि पिशवी खाली टाकत, त्यामुळे जमिनीवर सगळीकडे पारदर्शक पिशव्यांचा थर साचला होता. चालताना चुरचुर आवाज येई. व्यासपीठावर प्लास्टिकची फुलं होती. ती मागच्या मोहिमेतली होती, म्हणजे पुनर्वापर झालाच होता.

काका शेवटच्या रांगेत बसले. बाक गेलं, एवढंच त्यांच्या डोक्यात फिरत होतं.

साहेब बोलायला उभे राहिले. जगात आजवर जेवढं प्लास्टिक बनलं त्यातला जेमतेम दहावा हिस्सा पुन्हा वापरात आला, असं त्यांनी सांगितलं. बाकीचं जमिनीत आहे, नद्यांत आहे, माशांच्या पोटात आहे. आणि दरवर्षी आपण आधीच्या वर्षापेक्षा जास्त बनवतो. त्यांनी बाटलीचं झाकण फिरवलं, पाणी प्यायले, झाकण खाली पडलं ते पडलंच. काकांनी ते आवाजावरून ओळखलं. त्यांचंच होतं.

टाळ्या वाजल्या. अजून कुणाच्या लक्षात आलं नव्हतं. लोक एकमेकांच्या छातीकडे बघत होते, हसत होते, फोटो काढत होते. काकांच्या मनात आशा फुटायला लागली. आणि तेवढ्यात दुसऱ्या रांगेतल्या एक निवृत्त शिक्षिका उठल्या. त्यांनी आपला बिल्ला हातात उंच धरला आणि शांतपणे विचारलं की हा उलटा का छापलाय.

सगळ्यांनी माना खाली घालून आपापल्या छातीकडे पाहिलं. मालकांच्या तोंडचं पाणी पळालं. साहेबांनीही आपला बिल्ला पाहिला. पण साहेब उगाच साहेब झाले नव्हते.

“मुद्दाम,” ते म्हणाले. “दुसऱ्याला वाचता यावं म्हणून हा बिल्ला नाहीच मुळी. आरशासमोर उभे राहा. स्वतःच्या डोळ्यांत बघा. आणि मग वाचा.”

मग इतक्या टाळ्या पडल्या की जमिनीवरच्या पिशव्या उडाल्या. शिक्षिकाबाईंनी डोळ्याला पदर लावला. एकाने तर फारच खोल आहे हो, असं म्हणून शेजाऱ्याच्या खांद्यावर हात ठेवला. काकांनी बोटाने बिल्ल्यावरची अक्षरं चाचपली. आपण एवढं खोल कोरलं होतं, हे त्यांना माहीत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मालकांनी काकांना बोलावून स्वतः खुर्ची दिली. हे पूर्वी कधी झालं नव्हतं. आणखी कितीतरी शहरांना असेच बिल्ले हवे होते. शाळांना, बँकांना, कचेऱ्यांना. उलटेच हवे होते, त्याबाबत सगळे ठाम होते. शिवाय बिल्ला वाचायला प्रत्येकाला आरसा लागणार. तेव्हा प्रत्येक बिल्ल्याबरोबर खिशात मावेल असा एक छोटा आरसाही वाटायचं ठरलं होतं. प्लास्टिकच्या चौकटीतला. मालकांनी आणखी गोण्या मागवल्या होत्या.

“सगळं तुमच्यामुळे,” मालक म्हणाले.

काकांच्या जिवात जीव आला. त्यांनी विचारलं, नवे साचे कधीपासून घेऊ.

मालक पुतण्याकडे बघायला लागले. पुतण्याला वाईट वाटत होतं, ते दिसत होतं. पण तो हिशेबी मुलगा होता. त्याने समजावून सांगितलं. बिल्ला उलटा हवा, म्हणजे साचा सरळ हवा. साचा सरळ हवा, म्हणजे उलटं लिहिणारा माणूस नको. सरळ तर कुणीही लिहील. साध्यातलं साधं मशीन पुरेल. ते दुसरं, बटणाचं, फार महाग होतं. हे निम्म्यात येतं, त्याला उलटं करायचं बटणच नाही.

“उलटं लिहायचं असतं ना काका,” मालक म्हणाले, “तर तुमच्याशिवाय आमचं पानही हललं नसतं.”

काकांनी खिडकीजवळच्या बाकाकडे पाहिलं. कारखान्यात मशीनमधून चमचे पडत होते. मग त्यांनी हळूच विचारलं, “त्या आरशाच्या चौकटीवर काही लिहायचंय का? मागच्या बाजूला? कारखान्याचं नाव वगैरे?”

मालकांनी मनापासून विचार केला. त्यांना काकांसाठी काहीतरी करायचं होतं.

“नाही हो,” ते शेवटी म्हणाले. “कोरीच ठेवायची आहे.”

काकांनी मान हलवली. ठीक आहे म्हणाले. पुतण्याने खिशातून मोजपट्टी काढली आणि तो खिडकीजवळ गेला. नवं मशीन बाकाच्या जागी बसणार होतं, ते मावतं का बघायचं होतं. पट्टी लांब होती. एकट्याने मापता येईना, दुसरं टोक सारखं निसटत होतं. काका उठले, बाकाच्या कडेला गेले आणि त्यांनी ते टोक धरलं.