सुरंगीचं बारसं

"सुरंगी! अरे सुरंगी! सुपातला सु, रंगातला रं, गिरणीतला गी!"

वाण्याच्या दुकानातल्या फोनवर मी ओरडत होते आणि वाणी माझ्यावर ओरडत होता, "ओ बाय, धीरे बोल! बाहेर पोलीस उभा हाय!" पलीकडे दादरच्या फूलबाजारात माझ्या भावजयीचा भाऊ एका कानात बोट घालून विचारत होता, "सुरमई? बारशाला सुरमई?"

माझा आवाज लहानपणापासून तसा बेताचाच. गावाला अंगणातून मी हाक मारली की समोरच्या डोंगरावरची गुरं घरी यायची, तीही दुसऱ्यांची. त्या दिवशी फोनची लाइन खराब होती, म्हणून जरा चढवला एवढंच.

"सुरमई नाही रे मेल्या, सुरंगी! बाराव्याला सकाळी घेऊन ये. ओल्या फडक्यात घट्ट बांध. ऊन लागू देऊ नको, नाहीतर वाटेतच फुटेल सगळी. आणि कुणाला दिसता कामा नये! पिशवीत तळाला ठेव, वर भाजी टाक. आलास की थेट माझ्या हातात दे. पुढचं मी बघते!"

फोन ठेवला तेव्हा दुकानात इतकी शांतता की तागडीतली डाळसुद्धा हलत नव्हती. फळीवर बसून एक माणूस सोडा पीत होता. अंगात साधा बुशशर्ट, पण पायात तपकिरी बूट. तो बाटली अर्धी ठेवून उठला आणि निघून गेला. मला वाटलं, सोडा गरम असेल.

आता नीट सांगते. संप चालू होता. तारखा-बिरखा मला विचारू नका. संपाच्या दिवसांना तारखा नसायच्या, नुसतं आज-उद्या असायचं. माझा धाकटा भाऊ परळच्या एका गिरणीत साच्यावर, कापड विणायला होता, म्हणजे गिरणी चालू होती तेव्हा होता. तो चाळीत वरच्या मजल्यावर राहायचा, मी त्याच चाळीत तळमजल्यावर खाणावळ चालवायचे. माझ्या माशाच्या कालवणाचा वास चिंचपोकळीला गाडीतून उतरणाऱ्यांना यायचा आणि ते घरी न जाता इकडे वळायचे, असं मी सांगते आणि आजवर कुणी खोटं पाडलेलं नाही. संपात मात्र जेवायला येणारे गावाला गेले, आणि जे राहिले ते कालवणाला पाणी म्हणायचे. बरोबरच म्हणायचे.

त्यातच भावाला मुलगी झाली.

मुलीचं नाव ठेवायचा मान आत्याचा. बापाचा नाही, आईचा नाही, आजोबाचा तर मुळीच नाही. आत्यानं नाव मनात ठरवायचं, पोटात ठेवायचं आणि बारशाला पाळण्यावर ओणवून बाळाच्या कानात कुर्र करून सांगायचं. त्याआधी फुटलं तर त्यात मजा ती काय? भाऊ रोज विचारायचा, "बाय गे, काय नाव ठरवलंस? मला तरी सांग." मी म्हणायचे, "तू बाप. तुला सगळ्यात शेवटी."

त्या वर्षी चाळीतल्या साऱ्या मुलींची नावं एकाच ताग्यातून कापल्यासारखी होती. मला फुलाचं नाव हवं होतं, पण जाई-जुई नको. गॅलरीत उभं राहून जाई म्हणून हाक मारली तर अर्धी चाळ ओ देईल. मला सुरंगी हवी होती.

वेंगुर्ल्याकडे आमच्या परसात सुरंगीचं झाड होतं. इतर झाडांना फुलं टोकाला, दाखवायला येतात. सुरंगी जुन्या, निबर फांदीला चिकटून येते. एवढ्याशा कळ्या, मोत्यांसारख्या. ऊन चढायच्या आत काढाव्या लागतात, कारण उन्हानं कळी फुटली की मधमाश्या झाडाचा ताबा घेतात आणि मग माणसाला तिथं काम नाही. लोक उमलली म्हणतात. माझ्या तोंडात उमलणं-बिमलणं बसत नाही, माझी कळी फुटते. आई पहाटे कळ्यांचा वळेसार करून अंबाड्यावर माळायची. वाळल्यावर तो ट्रंकेत लुगड्यांमध्ये टाकायची. ती गेल्यावर वर्षभरानं ती ट्रंक आम्ही उघडली, तर फुलांचा नुसता भुगा झालेला, पण वास असा आला की भाऊ उठून मागं बघायला लागला, आई आली की काय म्हणून.

वरच्या मजल्यावरचे मास्तर पुढं एकदा म्हणाले, सुरंगी म्हणजे सु-रंगी, चांगल्या रंगाची. मी म्हटलं, मास्तर, रंग काय, अंड्याच्या बलकासारखा. तिचं सगळं वासात आहे. मास्तर म्हणाले, व्युत्पत्ती वासावरून नसते. मी म्हटलं, मग चुकलंच की व्युत्पत्तीचं.

आज ती मुलगी लोअर परळला काचेच्या इमारतीत कामाला जाते. बापाची गिरणी होती तिथून हाकेच्या अंतरावर. माझ्या हाकेच्या म्हणा. ऑफिसात लोक तिला नावाचा अर्थ विचारतात. ती म्हणते, एक फूल असतं. झालं. तिचं एका सेकंदात आटपतं. मला इतकी पानं लागतायत.

तर, बारशाच्या आदल्या दिवशी दुपारी भाऊ छताच्या कडीला पाळण्याची दोरी बांधत होता. दोन माणसं वर गेली. दारात उभी राहून म्हणाली, "साहेबांनी बोलावलंय. पाच मिनिटांचं काम आहे."

त्या पाच मिनिटांची आम्हा सगळ्यांना ओळख होती. समोरच्या चाळीतला एकजण असाच पाच मिनिटांसाठी गेला होता. आला तेव्हा त्याला चमचा धरता येत नव्हता, आणि तो माझ्याकडे जेवायचा, म्हणून मला माहीत. तो मान खाली घालून ताटावर वाकायचा आणि सगळे दुसरीकडे बघत जेवायचे.

मी खाली भात उपसत होते. शेजारीण जिन्यावरून धावत आली. "बाय, तुझ्या भावाला नेलं! गिरणीला सुरुंग लावणार होता म्हणतात!"

मी हसले. अशी हसले की भिंतीवरचं कॅलेंडर पडलं. "आमचा? त्याला दिवाळीत लवंगी लावायची तर काठीला उदबत्ती बांधतो तो!"

आणि मग मला फोनवरचं माझंच बोलणं आठवलं. सुरुंग. ओल्या फडक्यात बांध. ऊन लागलं तर फुटेल. कुणाला दिसता कामा नये. सोडा. बूट.

भात खाली लागत होता आणि मला उतरवता येत नव्हता.

वर गेले. भावजय बाळाला पदराखाली घेऊन बसली होती. दोरी कडीला एकाच बाजूनं बांधलेली, दुसरं टोक लोंबत होतं.

"वन्सं, ह्यांना कशाला नेलं?"

"कसली तरी सही हवी होती."

"तुमचे हात का थरथरतायत?"

"पीठ मळत होते."

"आज तर भात आहे."

ह्या शहाण्या बायकांचं हे असं असतं. मी खाली आले.

पहिलं काम, बाळाच्या मामाला, भावजयीच्या भावाला थांबवायचं. तो उद्या पिशवी घेऊन सरळ चाळीत शिरला असता. मी वाण्याकडे गेले. त्यानं मला येताना पाहिलं आणि माझ्या डोळ्यांदेखत फोनच्या तबकडीला कुलूप घातलं. "मावशी, मला पोरंबाळं हाय," तो म्हणाला. काल मी बाय होते, आज मावशी झाले होते. भीतीनं माणसाला नाती जोडायची घाई होते.

बाराव्याच्या सकाळी मी नाक्यावर जाऊन उभी राहिले. चाळीच्या तोंडाशी तपकिरी बुटांचे दोन जोड होते. मामा पुलाकडून आला. हातात पिशवी, वर लाल माठाच्या जुड्या, खालून पाणी गळतंय. मी पिशवी हिसकली आणि म्हटलं, "त्याला पकडलंय. ह्यात सुरुंग आहे म्हणतात." त्यानं एकदा पिशवीकडे पाहिलं. मग तो असा पळाला की त्याची एक चप्पल माझ्यापाशीच राहिली आणि तो दादरला पोचलासुद्धा.

आता मी एकटी, आणि हातात ती. गटारात टाकावी तर बघणारा म्हणणार, पुरावा टाकला. घरी न्यावी तर घरात बाळ. चालायला लागले. ओलं फडकं पोटरीला लागायचं आणि दर पावलाला मला वाटायचं, कुणीतरी मागून हात धरणार. मला ओळखणारी माणसं पलीकडच्या फुटपाथवर जात होती. माझ्या हातचं जेवलेली माणसं.

चौकीत शिरले. टेबलावरच्या हवालदारानं वर न बघता विचारलं, "काय आहे?"

"सुरुंग!" मी म्हणाले. "तुम्ही शोधताय ना, तो."

खुर्च्या पडल्या. एकजण कपाटावर चढला. अजून उतरला नसेल. मला मागच्या अंगणात नेऊन भर उन्हात मधोमध उभं केलं. सगळे भिंतीआड गेले आणि भिंत मला म्हणाली, "तूच उघड!"

खोटं सांगत नाही, गाठीला हात लावला आणि मलाही वाटलं, आत फुलं नसली तर? ज्या शब्दाला अख्खं पोलीस खातं भितंय तो शब्द मी एकटीच कशी बरोबर म्हणत असेन? मामानं दुसरंच काही बांधून दिलं असलं तर? तो पळाला का? माझी बोटं गाठीत अडकली. वर ऊन, भिंतीआडून कुणाचा तरी श्वास ऐकू येत होता, आणि फडक्यात काहीतरी हळूच हलल्यासारखं झालं. मी डोळे मिटले. भाचीला अजून नावसुद्धा नाही, हे मनात आलं. मग गाठ ओढली.

कळ्या फुटत होत्या. अंगणभर तो वास झाला. परळमधल्या झाडून सगळ्या मधमाश्या तिथं आल्या. परळमध्ये मधमाश्या आहेत हेच तोवर कुणाला ठाऊक नव्हतं.

साहेब आला. काठीच्या टोकानं वळेसार उचलला, पाहिला, खाली टाकला.

"हे काय?"

"माझ्या भाचीचं नाव," मी म्हणाले, आणि सगळं सांगितलं. आत्या, कुर्र, झाड, आई, ट्रंक. मी सांगितलं की दगड हसतो. मी वाट बघत होते, साहेब हसला की सुटलो. तो हसला नाही. त्याला रागही आला नाही. त्यानं घड्याळात पाहिलं.

"फुलं आहेत. घेऊन जा."

"आणि माझा भाऊ?"

"त्याचा ह्याच्याशी काय संबंध?"

मला वाटलं, पोलिसी गुर्मी. चूक कबूल करायला जड जातंय. मी बाकावर बसून राहिले. आत एक दार होतं. ते उघडायचं, मिटायचं. उघडलं की मी आवाज ऐकायचा प्रयत्न करायचे, मिटलं की देवाचं नाव घ्यायचे. एरवी तिथंही मी काहीतरी विनोद केला असता. सुचला नाही.

उन्हं उतरताना भाऊ बाहेर आला. चालत आला. माझ्याकडे न बघता म्हणाला, "चल." वाटेत तो भिंतीच्या बाजूनं चालला, आणि एकदाही मान वर केली नाही.

बारसं झालं. बायका मोजक्याच आल्या, त्याही दाराकडे बघत. फुलं तोवर मलूल झालेली, तीच पाळण्याला बांधली. मी ओणवले आणि बाळाच्या कानात नाव सांगितलं. माझ्या पाठीवर थापट्या मारणाऱ्या बायका हात वर करून थांबल्या. "अगो, मोठ्यानं सांग! ऐकू नाही आलं!" माझ्या आवाजावर अशी तक्रार आयुष्यात तेवढीच. गॅलरीचं दार उघडं होतं. मी उठून ते लावलं आणि मग सांगितलं.

बायका गेल्यावर धीर आला तसं माझं तोंड सुटलं. फुलांनी कसं सोडवलं, साहेबाचं तोंड कसं झालं, कपाटावरचा हवालदार, मधमाश्या. भावजय पहिल्यांदा हसली. भाऊ कोपऱ्यात डाव्या हातानं घुगऱ्या खात होता.

"काय रे," मी म्हणाले, "एवढा मार खाल्लास, सुरुंग म्हणजे सुरंगी असणार हे सुचलं नाही तुला? आई माळायची ना!"

"सुरुंगाचं कुणी विचारलंच नाही," तो म्हणाला. "संपवाल्यांची नावं विचारली."