गेर्डाच्या तोंडी गेर्डाचा आवाज

गेर्डा गेल्याचं मला तिच्या मुलाच्या मेसेजवरून कळलं. मी कणीक मळत होते, पिठाच्या बोटानेच फोन उघडला. मार्टिनने दोन ओळी लिहून खाली निधनवार्तेची लिंक दिली होती. ती उघडली तर समोर भलत्याच बाईचा फोटो. सोनेरी केस, उघडे खांदे, सगळ्या जगाला पाठ झालेलं हसू... हॉलिवूडची एक बडी नटी, जी अजून ठणठणीत आहे. खाली लिहिलं होतं की जर्मनीतले प्रेक्षक हिला ज्या आवाजाने ओळखत, तो आवाज हरपला. गेर्डाचा फोटो शोधशोध शोधला, कुठेच नव्हता. गेली माझी मैत्रीण आणि छापली दुसरीच! रडू यायच्या आधी मला संताप आला. आज दीड महिना होत आला तरी तो उतरलेला नाही, म्हणून हे लिहायला बसले आहे. त्या नटीचं नाव इथे लिहिणार नाही. तिचं नाव घ्यायला बाकीचं जग आहे.

इथे अमेरिकेत, कॅरी गावात, आमच्या शेजारचं घर मार्टिनने आईसाठीच घेतलं होतं. तो इथल्या औषध कंपनीत मोठ्या हुद्द्यावर. वडील गेल्यावर त्याने आईला बर्लिनहून उचलून इथे आणून ठेवलं आणि स्वतः मात्र पलीकडच्या गावात राहिला. तेव्हा मी आमच्या रविवारच्या मराठी शाळेतल्या मुलांसाठी गोष्टी रेकॉर्ड करायला लागले होते. मुलांना मराठी कळतं, पण उत्तरं इंग्रजीत येतात, त्यावरचा हा माझा घरगुती उपाय. स्वयंपाकघरात डाळीच्या डब्याला फोन टेकवायचा आणि बोलत सुटायचं. एकदा अशीच रंगात आले होते, तर मागच्या दाराशी ही उंच, पांढऱ्या केसांची बाई उभी. ना हॅलो, ना हाय. "तुमची गोष्ट मला कळत नाही," ती म्हणाली, "पण तुमच्या बांगड्या फार बोलतात. काढा त्या."

मी नागपूरच्या सनातनी घरातली. नवरा शेजारच्या खोलीत पेपर वाचतोय आणि मी बांगड्या काढू? मी तिला आमच्याकडे बांगड्या कधी उतरवतात ते समजावून सांगितलं. तिने सगळं नीट ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मग त्यांना सांगून या, की दहा मिनिटांत परत घालते." श्रीधर आतून मोठ्याने हसले. त्या दिवसापासून डाळीच्या डब्याशेजारी एक स्टीलची ताटली आली, बांगड्या ठेवायला. ताटली अजून तिथेच आहे.

ती कोण, हे मला हळूहळू कळत गेलं. गेर्डा मूळची जर्मनीतल्या सॅक्सनी भागातली, तिच्या बोलण्याला गावाकडचा हेल. विशीत तिला सिनेमात नायिकेचं काम मिळालं. नदीकाठची पोर, तोंडभर संवाद. पहिल्या खेळाला ती आईवडिलांना घेऊन गेली. पडद्यावर तिने तोंड उघडलं आणि आतून निघाला दुसऱ्याच बाईचा आवाज. दिग्दर्शकाला तिचा हेल खेडवळ वाटला म्हणून त्याने परस्पर दुसरीकडून सगळे संवाद बोलून घेतले होते, आणि तिला सांगायची तसदीही घेतली नव्हती. घरी जाताना आईने विचारलं, "तुझा घसा बसला होता का गं?" हे सांगताना गेर्डा हसत होती. मी मात्र तव्यावरची पोळी करपवली.

तसेच नुसत्या चेहऱ्याचे आणखी काही सिनेमे झाले. प्रत्येकात तोंड हिचं, आवाज दुसरीचा. चिडून तिने शिकवणी लावून हेल घासून काढला, शुद्ध बोलायला शिकली. तोवर तिशी उलटली होती, आणि त्याच लोकांनी तिला सांगितलं की आवाज छान झालाय, पण चेहरा आता चालणार नाही. म्हणजे पाहा! मग ती डबिंगला गेली. जर्मनीत परदेशी सिनेमे जर्मन बोलतात, आणि एका नटीला एकदा आवाज ठरला की सहसा तोच कायम. गेर्डाच्या वाट्याला ही हॉलिवूडची बाई आली. अंधाऱ्या खोलीत एकटीने उभं राहायचं, अंगावर वाजेल असं काही नको, सळसळणारा झगा नको, पोट गुरगुरेल इतकी भूक नको, आणि समोर हलणाऱ्या त्या ओठांत आपली वाक्यं बसवायची. त्या बाईची लग्नं, बाळंतपणं, मरणं, सगळं गेर्डाने बोलून काढलं. उमेदीची सगळी वर्षं त्यात गेली.

एकदा ती नटी बर्लिनला आली. समारंभात कुणीतरी गेर्डाला तिच्यासमोर नेऊन उभं केलं. बाई म्हणाल्या, "अच्छा, माझा आवाज चोरणारी ती तूच का!" सगळे हसले. गेर्डाही हसली.

"तू हसलीस?" मला राहवेना.

"हो. अगदी तिच्यासारखं हसले," गेर्डा म्हणाली. "तेच तर माझं काम होतं."

मी त्या नटीवर चिडले, त्या दिग्दर्शकावर चिडले आणि गेर्डावरही चिडले. ती शांतपणे चहात बिस्किट बुडवत बसली. मग म्हणाली, आपल्या तोंडून आपलाच आवाज निघतोय असं चित्रण जगात कुठेही नाही... एक तुकडासुद्धा नाही.

म्हणून मी ती गोष्ट रचली. पीचच्या झाडाची राखण करणारी एक खडूस म्हातारी आणि फळं चोरणारी पोरं. म्हातारी गेर्डाने व्हायचं, आणि या वेळी नुसता आवाज नाही, व्हिडिओ. मराठीचा गंध नाही, पण मी वाक्य एकदा म्हटलं की ती जशीच्या तशी परत म्हणायची. सगळा जन्म दुसऱ्याच्या ओठांकडे बघण्यात गेलेला, तिला काय अवघड! सुरू करण्याआधी तिने सवयीने विचारलं, "कुणाचा आवाज काढू?"

"तुझाच काढ," मी म्हणाले.

 मग चष्मा सारखा करून तिने गर्जना केली, "कोण आहे रे तिकडे? माझ्या झाडाला हात लावाल तर याद राखा!" सॅक्सनीतला तो घासून काढलेला हेल आमच्या मराठीत सुखरूप परत आला. शाळेतली पोरं तर वेडी झाली. रस्त्यात दिसली की ओरडायची, "गेर्डा आजी, वुई डिडन्ट टेक एनिथिंग!" व्हिडिओ पाहून झाल्यावर ती मला म्हणाली, "मी गेले की लोकांना हा दाखव. तो सिनेमा नको, ती बाई नको. हा."

म्हणून शोकसभेच्या आदल्या दिवशी मी मार्टिनला फोन केला. तो म्हणाला, तो किचनमधला व्हिडिओ? इट्स अ बिट इनफॉर्मल, सुधा. शिवाय भाषा कुणाला कळणार? त्याने त्या नटीच्या सिनेमांतली दृश्यं निवडून ठेवली होती. म्हणे त्यामुळे लोक तिला ओळखतील.

"कुणाला ओळखतील, मार्टिन?" मी विचारलं. त्याने ऐकूनच घेतलं नाही.

सभागृहात मोठ्या पडद्यावर ती नटी प्रेमात पडत होती, रडत होती, मरत होती. शेजारच्या बाई डोळे पुसत मला कुजबुजल्या, "आय लव्ह हर मूव्हीज." माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. शेजाऱ्यांनी दोन शब्द बोलायचे म्हणून माझं नाव पुकारलं तेव्हा मी बांगड्या काढून मंचावरच्या टेबलावर ठेवल्या आणि एक अक्षर न बोलता फोन माइकला लावला. "कोण आहे रे तिकडे?" गेर्डा गरजली. मागच्या रांगेत आमच्या शाळेची पोरं खुदखुदली. पण बाकीचे लोक माझ्याकडे बघतच नव्हते. ते माझ्या डोक्यावरून बघत होते. मी वळले. पडद्यावर त्या नटीचं चित्र अर्ध्यात थांबलेलं होतं, ओठ किंचित उघडे, आणि लोकांना वाटत होतं की आवाज तिथूनच येतोय. मी, मी स्वतः, गेर्डाचा आवाज पुन्हा त्याच बाईच्या तोंडात घातला होता.

"अहो, आधी ते बंद करा," मी माइकमध्येच म्हणाले. श्रीधरनी आयुष्यात चारचौघांत कधी आवाज चढवलेला नाही. ते उठले, भिंतीपाशी गेले आणि त्यांनी प्रोजेक्टरची वायर उपटली. मार्टिन उभा राहिला, काय चाललंय म्हणून विचारू लागला.

"तुझ्या आईने सांगितलेलं करतेय. सिट डाउन, मार्टिन."

मग मी सगळ्यांना पुढे बोलावलं. आधी पोरं आली, त्यांच्यामागून मोठी माणसं. फोन या हातातून त्या हातात गेला. एवढ्याशा काचेत गेर्डा, गालाला पीठ, नाकावर घसरलेला चष्मा, आणि तोंडात तिचा स्वतःचा आवाज. शेवटी फोन मार्टिनकडे पोचला. त्याने तो परत परत लावला. "घरी ती अशीच बोलायची," तो म्हणाला. "आय हॅड फरगॉटन."

बांगड्या मी तिथेच विसरले, त्या त्याने नंतर घरी आणून दिल्या. पण निधनवार्तेवरचा फोटो अजून त्या नटीचाच आहे. बदलायला वेळ लागतो म्हणे! आईच्या चेहऱ्यालाच तेवढा वेळ लागतो.

परवा नवी गोष्ट रेकॉर्ड करायला बसले. पोरांनी हट्ट धरला होता की म्हातारी हवीच. बांगड्या ताटलीत ठेवल्या, फोन डब्याला टेकवला. म्हातारीचं वाक्य आलं, मी तिच्यासारखा आवाज काढायला तोंड उघडलं... आणि मिटून घेतलं. तिथे मी थोडी जागा मोकळी सोडली आणि पुढची गोष्ट सांगायला लागले. त्या म्हातारीला मी दुसरा आवाज देणार नाही.