मातीत घातलेलं लग्न

"लेक काय करते?" असं कुणी विचारलं की शुक्रवार पेठेतल्या सिद्धम्माची पंचाईत व्हायची. दानेश्वरी सिनेमे काढते म्हणावं, तर त्यात ना नट, ना गाणं, ना गोष्ट. गेल्या साली तर पोरीनं भिंतीचे पोपडेच दाखवले, आणि पुण्या-मुंबईची शहाणी माणसं म्हणे ते बघून टाळ्या वाजवतात! आता काय बोलायचं?

यंदा मात्र कहर झाला. सिद्धम्माच्या लग्नाची फिल्म होती, मामेभावानं हौसेनं काढलेली. नवरा, प्रभुअप्पा, आता नव्हते. चालताना-हसताना ते उरले होते ते तेवढ्या त्या रिळात. दानेश्वरीनं अक्कलकोटच्या शेतातून अप्पांच्या समाधीजवळची माती आणली, गच्चीवरच्या कुंडीत भरली आणि त्यात ते रीळ पुरलं.

"खुळी का काय गं तू? दुसरी कॉपी तरी हाय का त्याची?"

"नाही अव्वा. कॉपी ठेवली तर पुरण्यात काय अर्थ? मातीचे डाग पडतील, बुरशी चढेल, आणि त्यातूनही अप्पा दिसतील. तेच तर बघायचंय मला."

"दिसतील न्हवं नक्की?"

"दिसतील की!"

सिद्धम्माला ओ की ठो कळलं नाही. पण अप्पा गेल्यापासून पोर कशालाच हात लावत नव्हती, म्हणून तिनं मान डोलावली.

दानेश्वरी हात धुवायला खाली गेली. सिद्धम्माला काही राहवेना. त्यांच्या समाजात माणसाला जाळत नाहीत, मातीच देतात, पण अशी कोरडी नव्हे. विभूती लागते, बेल लागतो. तिनं देवघरातून दोन्ही आणलं, माती सारून रिळावर मूठभर विभूती घातली, बेलपानं ठेवली, पाणी शिंपडलं, माती पुन्हा वर ओढली आणि हात जोडले. हे लेकीला सांगायला हवं, असं तिच्या डोक्यातही आलं नाही.

पावसाळा सरल्यावर रीळ बाहेर निघालं. दानेश्वरीनं ते धुतलं, सुकवलं आणि प्रोजेक्टरवर चढवून घरातल्या भिंतीवर लावलं. मांडव दिसला. सासूबाई दिसल्या, अर्ध्यामुर्ध्या. नवरदेव यायचा तिथं नुसता पांढरा लोट उठला आणि शेवटपर्यंत पांढरंच राहिलं.

"माती असं करत नाही," दानेश्वरी पुटपुटली. "अव्वा, तू काही घातलंस यात?"

"विभूती. घालतात न्हवं?"

राखेच्या पाण्यानं फिल्मवरचा चित्राचा थरच सुटला होता. दानेश्वरी हसायला लागली, हसता हसता रडायला लागली, मग डोळे पुसून म्हणाली, "अव्वा, लई भारी झालंय गं हे. मी नुसतं रीळ पुरलं, तू अप्पांना माती दिलीस. मला जमलं नसतं."

भारी? आपण नवऱ्याला पुसून टाकलं, आणि पोर शाबासकी देते? रागवावं, रडावं की पोरीच्या पाया पडावं, सिद्धम्माला काही सुचेना.

"परत लाव," ती म्हणाली.

पुन्हा मांडव उजळला. पांढरा लोट उठायच्या आत सिद्धम्मानं लेकीचा हात घट्ट धरला.

"बास, हितं बंद कर. हितपर्यंत ते अजून यायचे हायत."